अडखळलेला एक शब्द

२०१९ च्या उत्तरार्धात इंग्लंडमधील लीड्स शहरात रग्बी क्लबचा एक समारंभ सुरू होता. भाषण करणारा माणूस त्या क्लबचा लाडका माजी खेळाडू होता. बोलता बोलता ‘सातत्य’ या अर्थाचा एक साधा इंग्रजी शब्द त्याच्या जिभेवर अडखळला. त्याने पुन्हा प्रयत्न केला, तरी शब्द नीट उमटला नाही. ऐकणाऱ्यांनी फारसे मनावर घेतले नाही. दमला असेल, एखाद्या औषधाचा परिणाम असेल, असे कुणालाही वाटावे इतकी ती गोष्ट किरकोळ होती. पण त्याच वर्षी डिसेंबरमध्ये निदान झाले : मोटर न्यूरॉन डिसीज, म्हणजे एमएनडी. वय ३७. घरी तीन लहान मुले, त्यातले धाकटे जेमतेम वर्षभराचे. साधारण दोन वर्षे हाताशी असतील, असे त्याला सांगण्यात आले.

त्याचे नाव रॉब बरो. आपल्याकडे हे नाव फारसे परिचित नाही, कारण तो जो खेळ खेळला तो ‘रग्बी लीग’ इथे जवळजवळ खेळला जात नाही. पण या आजाराबद्दल सर्वसामान्य माणसाला जे जे कळायला हवे, ते जवळपास सगळे त्याच्या शेवटच्या साडेचार वर्षांत दिसते.

लहान चणीचा खेळाडू

रग्बीचे दोन प्रकार आहेत. १८९५ मध्ये उत्तर इंग्लंडमधील क्लब मूळ संघटनेतून फुटून निघाले. कारण खेळापेक्षा पोटाचे होते. यॉर्कशायर आणि लँकेशायरमधील खाणकामगार आणि गिरणीकामगार शनिवारी खेळायला आले, की त्यांची मजुरी बुडत असे. ती भरून द्यावी, ही त्यांची मागणी मान्य झाली नाही. हडर्सफील्ड येथील एका हॉटेलात बैठक झाली आणि वेगळी चूल मांडली गेली. त्यातून पुढे रग्बी लीग हा १३ खेळाडूंचा वेगवान प्रकार घडला. चेंडू घेऊन धावणाऱ्याला प्रतिस्पर्ध्यांनी पकडून खाली पाडायचे. असे सहा वेळा पाडले गेले, की चेंडू दुसऱ्या संघाकडे जातो. कबड्डीतला चढाईपटू सात जणांच्या पकडीतून निसटू पाहतो, तसेच काहीसे हे दृश्य. फरक इतकाच, की समोरची माणसे शंभर शंभर किलोंची असतात आणि ती पळत येऊन आदळतात.

अशा खेळात साडेपाच फुटांहून कमी उंचीच्या मुलाचे काय होणार? पाँटेफ्रॅक्ट या गावी १९८२ मध्ये जन्मलेल्या रॉबला लहानपणापासून हेच ऐकावे लागले. तू फार लहान आहेस, हा खेळ तुझा नाही. २००१ मध्ये तो लीड्स ऱ्हायनोज संघाकडून पहिला सामना खेळला आणि २०१७ पर्यंत दुसऱ्या कुठल्याही क्लबकडे गेला नाही. सतरा हंगामांत जवळपास ५०० सामने, सुपर लीगची आठ विजेतेपदे, दोन चॅलेंज कप, इंग्लंड आणि ग्रेट ब्रिटनच्या संघांत स्थान. अंतिम सामन्यातील सर्वोत्कृष्ट खेळाडूचा मान त्याला २००७ आणि २०११ असा दोनदा मिळाला. २०११ च्या अंतिम सामन्यात त्याने एकट्याने धावत जाऊन मिळवलेले गुण आजही दाखवले जातात. एका बचावपटूच्या हाताखालून वाकून तो निसटतो आणि मग त्याच्या मागे लागलेली धिप्पाड माणसे कमी पडत जातात. ज्या शरीराला सगळे अपुरे म्हणत होते, त्याच शरीराच्या चपळाईवर त्याने सगळे मिळवले. २०१७ चा अंतिम सामना जिंकून तो निवृत्त झाला आणि तरुण खेळाडूंना शिकवू लागला. त्यानंतर दोनच वर्षांनी जीभ अडखळली.

नेमके काय बिघडते?

आपण हात उचलतो, घास गिळतो, शब्द उच्चारतो, तेव्हा मेंदूचा हुकूम स्नायूंपर्यंत दोन टप्प्यांत पोहोचतो. पहिला टप्पा मेंदूच्या पृष्ठभागापासून मेंदूच्या देठापर्यंत किंवा मज्जारज्जूपर्यंत. दुसरा तिथून थेट स्नायूपर्यंत. या दोन्ही टप्प्यांवरच्या चेतापेशींना मोटर न्यूरॉन म्हणतात. काही पेशींचा तंतू मीटरभर लांब असतो. एमएनडीमध्ये या पेशी एकामागून एक मरत जातात. वरच्या टप्प्यातल्या पेशी गेल्या, की स्नायू ताठर होतात. खालच्या टप्प्यातल्या गेल्या, की स्नायू बारीक होतात, अशक्त होतात आणि कातडीखाली आपोआप फडफडू लागतात. फ्रेंच वैद्य शार्को यांनी १८६९ मध्ये या आजाराचे नेमके वर्णन केले. त्याच्या सर्वांत जास्त आढळणाऱ्या प्रकाराला ‘एएलएस’ म्हणतात. भौतिकशास्त्रज्ञ स्टीफन हॉकिंग यांना हाच आजार होता. पण ते पाच दशकांहून अधिक काळ जगले, हा फार दुर्मीळ अपवाद. बहुतेक रुग्णांच्या हाती लक्षणे सुरू झाल्यापासून दोन ते पाच वर्षेच असतात.

या आजाराचे एक क्रूर वैशिष्ट्य असे, की तो बरेच काही शाबूत ठेवतो. स्पर्श कळतो, ऐकू येते, दिसते. लघवी आणि शौचावरचा ताबा बहुधा टिकतो. काही रुग्णांमध्ये विचारशक्तीत आणि वागण्यात बदल होतात, पण अनेकांची समज शेवटपर्यंत लख्ख राहते. डोळ्यांच्या हालचालीही बहुतेकदा वाचतात. म्हणजे माणूस आत पूर्ण जागा असतो. बाहेर निरोप पाठवणाऱ्या तारा तेवढ्या तुटत जातात.

सुमारे दोन तृतीयांश रुग्णांमध्ये सुरुवात हातापायांत होते. शर्टाची गुंडी लागत नाही, कुलपात किल्ली फिरत नाही, चालताना पाऊल लटकते, चप्पल पायातून निसटते. उरलेल्यांपैकी बहुतेकांमध्ये, रॉबप्रमाणे, बोलणे आणि गिळणे आधी बिघडते. जीभ जड होते, आवाज नाकातून येतो, पाणी पिताना ठसका लागतो. वेदना नसते, ताप नसतो. त्यामुळे घरचेही निर्धास्त राहतात.

दरवर्षी लाख लोकांमागे साधारण दोघांना हा आजार नव्याने होतो, म्हणून तो दुर्मीळ मानला जातो. पण रुग्ण फार काळ जगत नाहीत, म्हणून ते आजूबाजूला कमी दिसतात, हेही खरे. पाश्चात्त्य देशांतील हिशेबानुसार आयुष्यभरात हा आजार होण्याची शक्यता सुमारे ३०० मध्ये एक आहे. तिकडे तो बहुधा पंचावन्न ते पासष्ट या वयात सुरू होतो. बंगळुरूच्या निम्हान्स संस्थेतील मोठ्या रुग्णगटात मात्र सुरुवातीचे सरासरी वय पन्नाशीच्या आत आढळले. म्हणजे आपल्याकडे तो अनेकदा कमावत्या माणसालाच गाठतो.

डोक्याला मार आणि हा आजार

रॉबच्या निदानाने एक जुना प्रश्न पुन्हा पुढे आला. स्कॉटलंडचा उंचापुरा रग्बी खेळाडू डॉडी वेअर याला हाच आजार झाला होता. तो नोव्हेंबर २०२२ मध्ये गेला. इंग्लंडचा फुटबॉलपटू स्टीफन डार्बी याला २०१८ मध्ये ऐन तारुण्यात एमएनडीमुळे निवृत्त व्हावे लागले. निदान झाल्यावर रॉब या दोघांनाही भेटला. इतके खेळाडू एकाच आजाराच्या वाटेवर, हा योगायोग म्हणायचा का?

ग्लासगो येथील संशोधकांनी २०१९ मध्ये स्कॉटलंडच्या सुमारे ७,७०० माजी व्यावसायिक फुटबॉलपटूंच्या नोंदी तपासल्या. मेंदूच्या ऱ्हासाच्या आजारांनी होणारे मृत्यू त्यांच्यात सर्वसामान्यांपेक्षा साडेतीन पट आढळले. एमएनडीचे प्रमाण सुमारे चौपट होते. २०२२ मध्ये याच गटाने स्कॉटलंडच्या ४१२ माजी आंतरराष्ट्रीय रग्बी खेळाडूंचा अभ्यास प्रसिद्ध केला. त्यात एमएनडीचा धोका सुमारे १५ पट दिसला. हा आकडा छाती दडपणारा आहे, पण तो जपून वाचायला हवा. मुळात खेळाडू चारशेच, आणि त्यांतले एमएनडीचे रुग्ण बोटांवर मोजण्याइतके. अशा वेळी दोन-तीन रुग्ण कमी-जास्त झाले, तरी पट बदलते. शिवाय हा अभ्यास रग्बी युनियनचा होता, रग्बी लीगचा नव्हे.

दुसरी शक्यता अतिश्रमाची. शेफील्ड येथील शास्त्रज्ञांनी २०२१ मध्ये असे पुरावे मांडले, की जनुकीय प्रवृत्ती असलेल्या काही व्यक्तींमध्ये वारंवार केलेला अतितीव्र व्यायाम या आजाराला हातभार लावत असावा. जनुकांचा वाटा तर स्पष्टच आहे. पाच ते दहा टक्के रुग्णांच्या घराण्यात आजार आधी दिसतो. उरलेल्यांत जनुके, वय आणि परिस्थिती यांची काहीतरी जुळणी होत असावी, इतकेच आज म्हणता येते.

रॉबला आजार रग्बीमुळे झाला की रग्बी खेळूनही झाला, हे कुणीच सांगू शकत नाही. आणि यातून ‘व्यायाम धोक्याचा’ असा अर्थ तर मुळीच काढू नये. रोज चालणारा, पोहणारा, मैदानावर खेळणारा माणूस हृदयविकार आणि मधुमेहापासून स्वतःला वाचवतो. तो फायदा कितीतरी मोठा आहे. धडा घ्यायचा तो डोक्याच्या माराचा. खेळताना डोके आपटून मूल गोंधळले, त्याला चक्कर आली, उलटी झाली, तर त्याला त्याच क्षणी मैदानाबाहेर काढावे आणि डॉक्टरांना दाखवल्याशिवाय पुन्हा उतरवू नये. ‘काही होत नाही, ऊठ’ हे वाक्य आपल्या मैदानांवरून आता हद्दपार व्हायला हवे.

बरे करता येत नाही. मग काय करता येते?

हा आजार बरा करणारे औषध आज नाही. रिल्युझोल ही गोळी १९९५ पासून वापरात आहे. चाचण्यांमध्ये तिने आयुष्य सरासरी दोन-तीन महिन्यांनी वाढवले. एसओडी-१ नावाच्या जनुकात दोष असलेल्या मोजक्या रुग्णांसाठी टोफर्सेन हे औषध अमेरिकेत २०२३ मध्ये मंजूर झाले. पण असे रुग्ण एकूण रुग्णांच्या सुमारे दोन टक्केच.

‘इलाज नाही’ आणि ‘करण्यासारखे काही नाही’ ही दोन वेगळी वाक्ये आहेत. श्वासाचे स्नायू कमजोर होऊ लागले, की मुखवट्यातून हवा देणारे छोटे यंत्र रात्री लावता येते. त्याने झोप लागते, सकाळची डोकेदुखी जाते आणि अनेकांचे आयुष्य औषधापेक्षा जास्त वाढते. गिळताना वारंवार ठसका लागू लागला, की पोटातून थेट जठरात नळी बसवता येते. ती वेळेत बसवली, तर वजन टिकायला मदत होते. अनेक नातेवाईक नळीला शेवटपर्यंत नकार देतात आणि श्वास फार खालावल्यावर तयार होतात. तेव्हा ती बसवणेच धोक्याचे झालेले असते. मानेला आधार, लाळेवर औषध, ताठर स्नायूंना व्यायाम आणि वेदनाशमन यांनी रोजचा दिवस सुसह्य होतो.

आणि आवाज. रॉबची वाचा गेली, पण डोळे राहिले. पडद्यावरच्या अक्षरांवर नजर रोखली, की ती टिपून शब्द बोलून दाखवणारा संगणक तो वापरत असे. त्यातून येणारा आवाज त्याचाच होता; पूर्वी ध्वनिमुद्रित झालेल्या त्याच्या बोलण्यावरून तो तयार केलेला होता. डिसेंबर २०२२ मध्ये बीबीसीच्या मुलांच्या वाहिनीवर त्याने नजरेच्या आधाराने झोपतानाची गोष्ट वाचून दाखवली. या पद्धतीने त्या कार्यक्रमात गोष्ट सांगणारा तो पहिलाच. आपल्याकडे इतका खर्च झेपणारी घरे थोडी. तरीही निदान होताच रुग्णाचा आवाज साध्या मोबाइलवर ध्वनिमुद्रित करून ठेवायला काही लागत नाही. मुलांना मारलेली हाक, एखादी गोष्ट, रोजची वाक्ये. पुढे तंत्राला ती उपयोगी पडतील, नाही पडली तरी मुलांपाशी राहतील. बोलता येईनासे झाल्यावर अक्षरांचा तक्ता आणि डोळ्यांची उघडझाप एवढ्यावरही संवाद चालू ठेवता येतो.

धावणारा मित्र आणि घरातली माणसे

लीड्स संघाचा माजी कर्णधार केव्हिन सिनफिल्ड हा रॉबचा जुना सहकारी. रॉबच्या पाठीवरचा क्रमांक सात होता. म्हणून डिसेंबर २०२० मध्ये सिनफिल्डने सात दिवसांत सात मॅरेथॉन धावायचे ठरवले. उद्दिष्ट होते ७७,७७७ पौंडांचे. जमले वीस लाखांहून अधिक. पुढच्या वर्षी तो लेस्टरपासून लीड्सपर्यंतचे १०१ मैल २४ तासांत धावला. १४ मे २०२३ रोजी लीड्समध्ये रॉबच्या नावाची पहिली मॅरेथॉन झाली. सिनफिल्डने रॉबला चाकाच्या खुर्चीत बसवून २६ मैल ढकलत नेले. शेवटच्या रेषेपाशी तो थांबला, रॉबला दोन्ही हातांवर उचलले आणि तशीच रेषा पार केली. ते दृश्य जगभर पाहिले गेले.

हे दृश्य मोठेच. पण रोजचे काम कॅमेऱ्यासमोर होत नव्हते. रॉबची पत्नी लिंडसे सरकारी आरोग्यसेवेत फिजिओथेरपिस्ट. तीन मुलांचे डबे, शाळा, स्वतःची नोकरी, आणि नवऱ्याला उचलणे, आंघोळ घालणे, भरवणे, रात्री उठून कूस बदलणे. हे सगळे सांभाळत तीही त्याच मॅरेथॉनमध्ये धावली. रॉबच्या घरचे जीवन दाखवणारे माहितीपट बीबीसीने केले, त्यांत हा भाग लपवला गेला नाही. म्हणूनच ब्रिटनमधल्या कितीतरी घरांना आपल्या घरात काय चालले आहे, ते प्रथमच बाहेर दिसले.

आपल्याकडे हे काम बहुधा बायको, सून किंवा मुलगी करते आणि त्याला कुणी काम म्हणत नाही. दोन-तीन वर्षांत तिची कंबर दुखू लागते, झोप हरवते, नोकरी सुटते. रुग्णाला तपासताना तिचीही विचारपूस व्हायला हवी. आठवड्यातून एक दिवस दिराने, भावाने, शेजाऱ्याने रुग्णापाशी बसणे हा उपचाराचाच भाग आहे. अपंगत्वाचे प्रमाणपत्र आणि घरी येणारी पॅलिएटिव्ह केअरची सेवा यांची चौकशी निदानाच्या वेळीच करावी, अखेरच्या महिन्यात नव्हे.

कधी सावध व्हावे?

जगभरात पहिल्या लक्षणापासून निदानापर्यंत सरासरी एक वर्ष जाते. बोलणे बिघडलेला रुग्ण आधी कान-नाक-घसा विभागात जातो, पाऊल लटकणारा हाडांच्या डॉक्टरांकडे. चाळिशीनंतर मानेचा एमआरआय काढला, की मणक्याची झीज बहुतेकांच्या फोटोत दिसतेच. मग ‘गादी सरकली’ असे ठरते आणि कधी कधी शस्त्रक्रियाही होते. हात मात्र बारीक होतच राहतो.

पुढील गोष्टी काही आठवडे टिकून वाढत असतील, तर मेंदू व मज्जासंस्थेच्या तज्ज्ञांना दाखवावे : बोलणे जड होणे, पाणी पिताना ठसका लागणे, मुंग्या किंवा बधिरपणा नसताना एका हाताची वा पायाची ताकद कमी होणे, अंगठ्यामागचा किंवा पोटरीचा स्नायू बारीक होणे. अचानक, काही मिनिटांत वाचा गेली किंवा तोंड वाकडे झाले, तर तो पक्षाघात असू शकतो. तिथे आठवडे नव्हे, मिनिटे मोजायची असतात. नुसती पापणी लवणे किंवा थकल्यावर पोटरीचे मांस उडणे हे निरोगी माणसातही दिसते. ताकद शाबूत असेल तर त्याने घाबरू नये.

निदान तपासणीतून आणि ईएमजी या स्नायूंच्या विद्युत चाचणीतून होते. रक्ताच्या आणि एमआरआयच्या चाचण्या मुख्यतः इतर आजार वगळण्यासाठी असतात, आणि त्या महत्त्वाच्या आहेत. कारण एमएनडीसारखे दिसणारे काही आजार उपचारांनी सुधारतात. भारतीय तरुणांमध्ये आढळणारा हिरायामा आजार हाताचा पंजा बारीक करतो आणि बहुधा काही वर्षांत आपोआप थांबतो. प्रत्येक बारीक झालेला हात म्हणजे एएलएस नव्हे.

निदान पक्के झाल्यावर घर हादरते आणि नेमके तेव्हाच ‘स्टेम सेल’चे लाखो रुपयांचे पॅकेज विकणारे भेटतात. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या मार्गदर्शक तत्त्वांनुसार, रक्ताचे काही विकार वगळता स्टेम सेल उपचार अधिकृत चाचणीबाहेर करता येत नाहीत. आणि चाचणीसाठी रुग्णाकडून पैसे घेतले जात नाहीत. जमीन विकण्याआधी एवढे एक वाक्य आठवले, तरी पुरे. तोच पैसा श्वासाच्या यंत्राला, नळीच्या आहाराला आणि मुलांच्या शिक्षणाला लागणार असतो.

दोन वर्षे सांगितलेला रॉब साडेचार वर्षे जगला. २ जून २०२४ रोजी, वयाच्या ४१ व्या वर्षी तो गेला. लीड्सच्या सीक्रॉफ्ट रुग्णालयाच्या आवारात एमएनडीच्या रुग्णांसाठी स्वतंत्र केंद्र व्हावे, म्हणून त्याने आणि त्याच्या मित्रांनी निधी जमवला होता. तपासणी, श्वास, आहार, वाचा आणि कुटुंबाचा सल्ला यांसाठी रुग्णाला वेगवेगळ्या इमारतींत फिरावे लागू नये, ही त्यामागची साधी कल्पना. त्या केंद्राच्या बांधकामाची सुरुवात ३ जूनला ठरलेली होती. आदल्याच दिवशी रॉब गेला होता. तरी घरच्यांच्या इच्छेने काम ठरल्या दिवशीच सुरू झाले.